गप्प बसा म्हटलं म्हणून

विनिता या धंद्यात आली ती लग्नाच्या व्हिडिओंमधून. बारावीची परीक्षा संपली आणि डोंबिवली पश्चिमेच्या एका फोटो स्टुडिओत ती कॉम्प्युटरवर बसायला लागली. स्टुडिओचे मालक तानाजीकाका. त्यांनी तिला एकच गोष्ट नीट शिकवली. म्हणायचे, "पाठवणीला सगळेच रडतात गं, ते काय कुणीही लावील. तू नवरीच्या बापाला हळदीच्या वेळी शोध. आपल्याकडे कुणी बघत नाही असं वाटून तो कुठेतरी क्षणभर थांबलेला असतो. तेवढं काढ." विनिताला ते बरोबर सापडायचं. तिने कापलेल्या सीड्या लोक पुन्हा पुन्हा बघायचे आणि नेमकं कशाने रडू आलं ते त्यांना सांगता यायचं नाही.

पुढे ती मालिकांकडे गेली. बरीच वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली काढली. सासवांच्या चेहऱ्यांवर तीन-तीनदा कॅमेरा आपटवला, प्रोमो कापले, दुसऱ्याच्या नावावर अख्खे भाग जोडून दिले. सदतिसाव्या वर्षी तिला ठाण्याच्या वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीने बोलावलं, आणि एका मोठ्या ओटीटीवर येणाऱ्या माहितीपट मालिकेत 'संकलन' या शब्दाखाली पहिल्यांदा तिचं एकटीचं नाव लागणार असं ठरलं. कोपरच्या घरी ती आणि आई, दोघीच. आईने त्या दिवशी शेजारी पेढे वाटले. कशाचे, ते आईला धड सांगता आलं नाही. "आमची विनिता सिनेमा जोडते," एवढं ती म्हणाली.

मालिका होती उलगडा न झालेल्या मृत्यूंची. दर भागात एक गाव, एक घर. तिसरा भाग शहाडचा.

शहाडला उल्हास नदीत नयन नावाचा एकोणीस वर्षांचा मुलगा बुडाला, त्याला तीन वर्षं झाली होती. त्या सकाळी त्याचं आणि त्याच्या मोठ्या भावाचं, ऋतुराजचं, मोटरसायकलवरून भांडण झालेलं. ऋतुराज गाडी घेऊन कामावर गेला, एका गॅरेजमध्ये. नयन दुपारी चालत नदीकडे गेला तो परत आला नाही. पोलिसांनी चौकशी केली, ऋतुराज दिवसभर गॅरेजमध्येच होता असं तिथल्या माणसांनी सांगितलं, आणि अपघाती मृत्यू म्हणून प्रकरण मिटलं. पण नयनला पोहता चांगलं यायचं. एवढी एकच गोष्ट कुणाच्या गळी उतरत नव्हती आणि तिच्यावर हा सगळा भाग उभा केला होता.

मालिकेचा दिग्दर्शक हर्षित. त्याने तिचा पहिला कट सलग बघितला आणि डोळे चोळले.

"मर गया," तो म्हणाला. "विनिता, यात काहीच होत नाहीये. नदी आहे, मुलगा आहे, रडणारा बाप आहे. लोक म्हणणार अरेरे, आणि दुसरं काहीतरी लावणार."

"पण झालंय ते एवढंच ना."

"ते मला पण माहितीये. तू बघ ना जरा. तुझा हात आहे त्यात." तो उठला. "मी काही सांगत नाही. तू बघ."

त्याने खरंच काही सांगितलं नाही. हे विनिताला पुढे फार वेळा आठवायचं होतं.

ती पुन्हा ऋतुराजची मुलाखत उघडून बसली. पंचविशीतला मुलगा, इस्त्रीचा शर्ट, नखांच्या कडेला गॅरेजचं काळं. घराच्या बाहेरच्या खोलीत खुर्चीवर बसलेला. कॅमेऱ्यामागून हर्षित विचारतो, "भांडण झाल्यावर तू कुठे गेलास?" आणि ऋतुराज श्वासही न घेता सांगतो, "गॅरेजला. कुठे जाणार? एक गिऱ्हाईक थांबलेलं. रात्रीपर्यंत तिथेच होतो, पप्पांचा फोन आला तेव्हापण." साधं, सरळ, खरं उत्तर. पडद्यावर ते मेलेलं वाटत होतं.

मुलाखत संपल्यावरही फाईल चालूच होती. असं नेहमी होतं. बोलणं संपलं की साउंडवाला सगळ्यांना गप्प बसवतो आणि त्या खोलीचा नुसता आवाज घेतो. पंखा, भिंतीपलीकडची भांडी, रस्त्यावरचा हॉर्न. पुढे दोन वाक्यं जोडताना मध्ये भोक पडलं की ते बुजवायला तो आवाज लागतो. रूम टोन म्हणतात त्याला. आवाज घेत असताना कॅमेरा बंद करायचं बहुतेकदा राहून जातं. इथेही राहिलं होतं. साउंडवाला म्हणाला, "दादा, जरा वेळ अजिबात बोलू नका, हलू पण नका," आणि ऋतुराज शाळेत बसावं तसा बसला. त्याला वाटलं हेही नीट करायला हवं. हळूहळू त्याला ते जड जायला लागलं. त्याने आवंढा गिळला. नजर कॅमेऱ्यावरून सरकली, दाराकडे गेली. दारात वडील, सहदेव, उभे होते. ते कॅमेऱ्यात नव्हते. ऋतुराजने त्यांच्याकडे बघितलं, मग पटकन खाली बघितलं, आणि पुन्हा तसाच बसून राहिला.

विनिताने हर्षितचा प्रश्न उचलला आणि त्याच्यापुढे ही शांतता लावली.

बघू तरी, असं ती स्वतःशी म्हणाली होती. मग तिने तो तुकडा चालवून बघितला आणि तिच्या अंगावर काटा आला. भांडण झाल्यावर तू कुठे गेलास? मुलगा काही बोलत नाही. पंखा फिरतोय. आवंढा. दाराकडे नजर. खाली नजर. आणि तिथून थेट नदी, संध्याकाळची, काळपट. त्याचं खरं उत्तर कुठेच नाही. तिने शांतता थोडी लांबवली, मग किंचित कमी केली, मग आवंढ्याच्या अलीकडे अगदी थोडीशी जागा सोडली. हात सफाईने चालत होता. इतक्या वर्षांत जे काही शिकली होती ते त्या एका जागी येऊन बसल्यासारखं तिला वाटलं, आणि खोटं कशाला बोला, तिला आनंद झाला.

हर्षितने बघितलं आणि टेबलावर हात मारला. "ओ तेरी! हे कुठे होतं?"

"होतं," ती म्हणाली.

त्याने बाहेर जाऊन आणखी दोघातिघांना बोलावून आणलं. पुन्हा लावलं. सगळे त्या जागी श्वास रोखून बसले. ही शांतता कुठून आली ते कुणी विचारलं नाही, आणि विनितानेही सांगितलं नाही. भागाच्या अगदी शेवटी, बारीक अक्षरांत, पोलिसांनी अपघाती मृत्यूची नोंद केली आहे अशी एक ओळ टाकली. ती कुणी वाचण्याआधीच पुढचा भाग सुरू होत असे.

मालिका आली तेव्हा आईने घरी ती सगळ्यांबरोबर बघायचं ठरवलं. शेजारच्या दोघी आल्या, त्यांच्या सुना आल्या. नाव आलं तेव्हा टाळ्या झाल्या. आणि तिसऱ्या भागात ती जागा आली. खोलीत कुणी हललं नाही. मग आई हळूच म्हणाली, "हाच गं. मी सांगते, हाच तो. तोंड बघ ना. बापाकडे बघायची छाती होत नाहीये मेल्याची."

"भावाला मारलंन आणि बसलाय बघा इस्त्री करून," शेजारीण म्हणाली.

विनिता चहाचे कप गोळा करायला उठली. स्वयंपाकघरात नळ सोडून ती बराच वेळ तेच कप धूत राहिली. आपली आई, जी उभ्या जन्मात कुणाला वाकडा शब्द बोलली नव्हती, तिच्या तोंडून 'मेल्या' निघालं होतं. ते आपणच काढलं, हे विनिताला कळत होतं. तरी बाहेर आल्यावर शेजारणीने "काय जोडलंयस गं!" म्हटलं तेव्हा ती हसली.

तो तुकडा लोकांनी फोनवर उचलला. कुणी त्यावर गाणी लावली, कुणी त्याची नक्कल केली. आई मुलाला विचारते, फ्रिजमधला लाडू कुणी खाल्ला, आणि मुलगा आवंढा गिळून दाराकडे बघतो. त्या मुलाला 'शहाडचा गप्प्या' असं नाव पडलं. लोकांना मजा येत होती. विनिताला कामाचे फोन यायला लागले. "तो पॉज तुम्हीच कापलाय ना?" असं विचारूनच बोलणं सुरू व्हायचं.

एके दिवशी दुपारी ती जेवून कंपनीत परतली तर बाहेरच्या सोफ्यावर एक वयस्कर माणूस बसला होता. पांढरा शर्ट, पायात चपला, मांडीवर कापडी पिशवी. तिने त्याला लगेच ओळखलं. दोन महिने रोज तिने हा चेहरा मागे-पुढे केला होता. तो डोळे पुसायला रुमाल कुठल्या खिशातून काढतो तेसुद्धा तिला माहीत होतं. त्याने मात्र तिला कधीच बघितलं नव्हतं.

"मॅडम," सहदेव उठून उभे राहिले. "ती मालिका बनवणारे साहेब इथेच बसतात ना? सकाळपासून आलोय. इथली मुलगी म्हणते थांबा, म्हणून थांबलोय."

"काय काम होतं?"

"काम म्हणजे... त्यांच्याकडून एक राहिलंय. माझा पोरगा बोलला होता. त्यांनी विचारलं तेव्हा बोलला होता तो. ते राहिलंय त्यात. चुकून राहिलं असेल." ते थांबले. "मी दारातच होतो. बोलला होता, मला आठवतंय. म्हणजे, मला वाटतं, बोलला होता."

विनिताने रिसेप्शनवरच्या बाटलीतलं पाणी ग्लासात ओतून त्यांना दिलं. त्यांनी ते उभ्यानेच प्यायलं. तिला एवढंच सांगायचं होतं की बोलला होता, हो, लगेच बोलला होता. ते वाक्य तयार होतं.

"सर बाहेरगावी गेलेत," ती म्हणाली. "मी निरोप देते."

हर्षित आतल्या खोलीत बर्गर खात होता. काचेच्या दारापलीकडून त्याचं हसणंसुद्धा ऐकू येत होतं. सहदेवांनी त्या दाराकडे बघितलं, मग तिच्याकडे. मग म्हणाले, "बरं बरं. उपकार झाले," आणि रिकामा ग्लास नेमका जिथला तिथे ठेवून जिना उतरून गेले.

विनिता हर्षितसमोर जाऊन उभी राहिली. "शहाडचे वडील आलेले. तो तुकडा बदलूया."

"आता? वेडी झालीस का? सगळीकडे गेलंय ते."

"तो रूम टोन आहे हर्षित. त्याला गप्प बसा म्हटलं म्हणून तो गप्प बसलाय."

हर्षितचं चावणं क्षणभर थांबलं. त्याला हे आत्ताच कळत होतं, निदान तसं त्याने दाखवलं. मग तो म्हणाला, "हे बघ. तो गप्प होता की नव्हता? होता. आपण काही त्याच्या तोंडात शब्द घातले नाहीत. कागदावर सही आहे त्याची. आणि तू हे मला आत्ता सांगतेयस? नाव झालं, फोन यायला लागले, आता सांगतेयस?"

ती आपल्या खुर्चीवर जाऊन बसली आणि पुढच्या मालिकेचं काम उघडलं. आणि लाजेची गोष्ट ही की तिने ते चांगलं केलं.

पावसाळा सरला, गणपती येऊन गेले. ती शहाडला जाईन जाईन म्हणत होती. मग एका रविवारी सकाळी आईने तिच्यापुढे फोन धरला. "बघ, तुझा तो गप्प्या. कल्याणला पोरांनी धरला."

स्टेशनबाहेरच्या रिक्षास्टँडजवळ चार-पाच पोरं ऋतुराजला घेरून उभी होती. एक जण फोन धरून ओरडत होता, "बोल ना भाऊ, कुठे होतास? बोल ना!" ऋतुराज बोलत होता. "गॅरेजला होतो. गॅरेजलाच होतो रे." पोरं हसत होती, पुन्हा विचारत होती, तो पुन्हा सांगत होता. कुणीतरी त्याच्या डोक्यावर टपली मारली. तो तरी सांगतच होता. वर कुणी गाणं लावलं होतं, त्यामुळे त्याचा आवाज नीट येत नव्हता. ओठ मात्र वाचता येत होते.

"बंद कर आई."

"का गं? तूच तर—"

"तो बोललेला," विनिता म्हणाली. "विचारल्याबरोबर लगेच बोललेला. ते मी कापलं. गप्प बसलेला तुकडा दुसरीकडचा आहे, तो मी तिथे लावला."

आईला ते एकदम समजलं नाही. विनिताला दोनदा सांगावं लागलं. समजल्यावर आईने फोन पालथा ठेवला. मग म्हणाली, "आणि मी त्याला मेल्या म्हटलं." ती भाजी निवडत बसली आणि निवडलेली भाजी पुन्हा निवडायला लागली.

विनिता लॅपटॉप घेऊन शहाडला गेली. मूळ मुलाखत तिने त्यावर उतरवून ठेवली होती. ती कंपनीबाहेर काढायची नाही, असं तिच्या करारात स्पष्ट होतं. घर शोधायला अडचण आली नाही. नाक्यावरच्या पानवाल्याने हसून हात केला, "गप्प्याकडे का?"

दार सहदेवांनी उघडलं. त्यांनी तिला ओळखलं. "तुम्ही त्या ऑफिसातल्या! पाणी दिलेलंत. या, या." आत वळून म्हणाले, "ऋतु, अरे ठाण्याच्या मॅडम आल्यात." त्यांना वाटलं निरोप पोचला. ते चहा ठेवायला गेले. ती नको म्हणाली तरी गेले. तो चहा समोर येईपर्यंत तिला बोलता आलं नाही, आणि आल्यावर पिता आला नाही.

ऋतुराज आतून आला. दाढी वाढलेली. गॅरेज सुटलं होतं, मालक वाईट नव्हता पण गिऱ्हाइकं येऊन फोटो काढायची. तो त्याच खोलीत, भिंतीला टेकून उभा राहिला. विनिताने सांगायला सुरुवात केली. मध्येच 'कंपनीने' असं तोंडातून गेलं, तेव्हा ती थांबली आणि 'मी' म्हणाली. सगळं सांगून झालं.

ऋतुराजने विचारलं, "म्हणजे तो साउंडवाला दादा गप्प बसा म्हणाला, तेव्हाचं?"

"हो."

"आणि मी त्याआधी बोललेलो?"

"लगेच बोललात. आहे माझ्याकडे."

"दाखवा."

तिने लॅपटॉप उघडला. प्रश्न. आणि लगेच, श्वासही न घेता: गॅरेजला. कुठे जाणार?

"परत लावा," तो म्हणाला. तिने लावलं. "परत." चौथ्यांदा की पाचव्यांदा बघताना तो खाली बसला. "मला वाटायला लागलेलं मी नाहीच बोललो," तो म्हणाला. "एवढ्या वेळा बघितलं ना ते. मला वाटलं, नयनच्या विचारात गप्प बसलो असेन आणि आता विसरलो असेन. मी रात्री उठून आठवायचो. मला आठवायचंच नाही."

सहदेव दाराला धरून उभे होते. मुलाखतीच्या दिवशी उभे होते तिथेच. ते मागे वळले आणि बाहेरच्या कॉमन गॅलरीत गेले.

ऋतुराज खालच्या आवाजात म्हणाला, "त्यांनी पण विचारलं मला. एकदाच. जेवताना. खरं सांग म्हणाले, तू गप्प का बसलास." त्याने तोंडावरून हात फिरवला. "मॅडम, बाहेरच्यांचं मला काय नाय. पोरं मारतात, मारू दे. ते एक वाक्य तुम्ही आणलंत आमच्या घरात."

विनिता रडायला लागली. आपण इथे रडणं किती भिकार दिसतंय हे तिला कळत होतं, पण थांबता येईना. ऋतुराजने तिची समजूत घातली नाही. रागावलाही नाही. रडणं ओसरेपर्यंत तो थांबला आणि म्हणाला, "हे मला सांगून काय करू मी? मला फक्त विसरायला झालेलं, बाकी मला माहितीच होतं. ज्यांना माहीत नाही त्यांना सांगा."

तिने कबूल केलं.

दुसऱ्या दिवशी तिने फोन उभा केला आणि स्वतःचा व्हिडिओ काढायला बसली. पहिल्या वेळी तिच्या लक्षात आलं की आपण 'आमच्याकडून' म्हणतोय. पुसलं. दुसऱ्या वेळी हर्षितचं नाव आलं, तो 'तू बघ' म्हणाला होता ते आलं. तेही पुसलं. तिसऱ्या वेळी सगळं बरोबर बोलून झालं. पण बघताना तिला दिसलं की 'तो मुलगा बोलला होता' या वाक्याआधी आपण थांबलोय. अगदी नेमकं, जिथे थांबल्यावर काटा येतो तिथे. तिने ते मुद्दाम केलं नव्हतं. आपोआप झालं होतं. आपली लाजसुद्धा आपण कापूनकुपून बसवतोय, असं तिला वाटलं आणि स्वतःची किळस आली. शेवटी तिने आईला फोन धरायला सांगितला आणि आईला जसं सांगितलं होतं तसंच सांगितलं. नाव सांगितलं, काम सांगितलं, मग लॅपटॉपवरचा मूळ तुकडा दाखवला. आईचा हात हलत होता, चित्र नीट आलं नाही. तेच तिने टाकलं.

हजारोंनी गप्प्याची नक्कल बघितली होती, त्याच्या मानाने हे फार थोड्यांनी बघितलं. काहींनी तिला शिव्या घातल्या. काही म्हणाले, हिला त्याच्या घरच्यांनी गाठलं असणार. तिच्या धंद्यातल्या लोकांनी एका शब्दाने काही लिहिलं नाही, पण येणारे फोन थांबले. कंपनीची नोटीस आली. हर्षितचा एकच मेसेज आला, 'तुला बरं वाटलं ना आता?' त्यावर तिने विचार केला आणि तिला खरंच ठरवता आलं नाही की बरं वाटावं म्हणूनच तर आपण हे केलं नसेल.

पण एक झालं. कुणा वकिलाने तो व्हिडिओ बघून ऋतुराजच्या वतीने कंपनीला पत्र पाठवलं आणि महिनाभरात तिसरा भाग गुपचूप बदलला गेला. आता प्रश्नानंतर तो उत्तर देतो, आणि लगेच नदी येते. बदलल्याचं कुणी जाहीर केलं नाही. संकलनाखाली विनिताचं नाव तसंच राहिलं.

हे सांगायला ती पुन्हा शहाडला गेली. सहदेव एकटेच होते. ऋतुराजला पुण्याकडे, चाकणला एका वर्कशॉपमध्ये काम मिळालं होतं; तिथे त्याला कुणी ओळखत नव्हतं, निदान अजून तरी. तिने बदललेला भाग दाखवायला फोन काढला.

"नको," सहदेव म्हणाले. "असू द्या. चांगलं केलंत."

मग त्यांनी वर पंख्याकडे बघितलं. "ताई, एक सांगू? राग नाही तुमच्यावर. तुम्ही आलात, सांगितलंत, दुसरं कोण येतं? पण पुन्हा येऊ नका."

"काका—"

"तुम्ही दारात दिसलात की मला ते जेवण आठवतं. एक पोरगा गेला माझा. दुसरा समोर बसून जेवत होता, आणि मी त्याला विचारलं." त्यांचा आवाज फुटला नाही, ते अगदी सरळ बोलत होते. "तुम्ही खोटं लावलंत, ते खरं. पण मी दारात होतो ना. मी कानांनी ऐकलेलं. माझं मी ऐकलेलं सोडून तुमचं बघितलं. हे तुमच्यावर नाही घालता येत मला. तो चाकणवरून फोन करतो, जेवलात का विचारतो, आणि मला त्याच्याशी नीट बोलता येत नाही."

त्यांच्या पाया पडायला वाकावं असं विनिताच्या मनात आलं, पण तेही दाखवण्यासारखं झालं असतं. ती नुसती उठली. चपला घालताना तिला म्हणावंसं वाटलं की तुम्ही एकटे नाही, मी असं कापलं होतं की कुणालाही तसंच वाटलं असतं. पण ते बोलणं म्हणजे स्वतःच्या कामाची तारीफ झाली असती. ती "येते" म्हणाली, आणि आपण काय बोललो ते कळून थांबली.

सहदेवांनी मान हलवली. "सावकाश जा," ते म्हणाले, आणि तिच्या मागे दार लोटून घेतलं.

गल्लीत दोन बायका पापड वाळत घालत होत्या. त्यांनी तिला वाट देण्यासाठी चादरीचं टोक उचललं. ती नाक्यावर येऊन रिक्षात बसली. कल्याणच्या एका क्लासवाल्यांचा फोन आला. गणिताच्या तासांचे व्हिडिओ कापून द्यायचे होते, सरांचं मधलं खोकणं, फळा पुसणं काढायचं होतं, फार काही नाही. "येते उद्या," ती म्हणाली, आणि रिक्षावाल्याला स्टेशनला घ्यायला सांगितलं.